सरळ चालणारा दारुड्या

माह्या नवऱ्यानं जन्मात दारूचा थेंब चाखला नाई. हे मी आधीच सांगून ठेवतो, कारण आमच्या मूल तालुक्यात असं सांगितलं का लोकं गालातल्या गालात हासतेत. "असन बाई, असन," म्हणतेत. असन काय? मी रुखमाबाई, वीस वर्षं झाली मले त्या घरात. मले ठाऊक नाई अन् बाजूच्या गावाले ठाऊक आहे का? पण लोकायले तरी काय दोष देता. पाच कोसांतल्या सगळ्या गावाईनं त्याईले नाटकात पेलेला पाह्यला, अन् असा पाह्यला का बायका आपल्या लेकरायले मागं ओढत.

गाव त्याईले मुखरूभाऊ म्हणते. मी नाव घेत नाई, कमळीचा बाप म्हणतो. आमचं गाव चिखलमेंढा, धानाचं गाव. धानाची मळणी झाली का पौषात शंकरपट भरते. दिवसभर बैलायच्या जोड्या पळतेत अन् रातच्याले नाटक लागते, ते दिवस निघेपर्यंत चालते. गावोगावचे पाहुणे येतेत, अन् त्याच गर्दीत पोरापोरीयच्या सोयरिकी जमतेत. पट पाहाले आलेला माणूस जेवाले बसते, पोरगी वाढाले येते, तो पाहून घेते, नाटक पाहते अन् सकाळी हाव का नाई ते सांगून जाते. आमच्याकडे रीतच आहे ही. अन् माहं सगळं घोडं ह्या रितीतच अडलं होतं. कारण ज्या नाटकाले पाहुणे येणार, त्याच नाटकात पोरीचा बाप पेऊन येणार.

बारा वर्षांचे होते तवापासून ते मंडळात. पयले राणीची दासी केली. मंग आवाज फुटला, तोंडावर देवीचे वण होतेच, तवा बापूजी म्हणाले, "मुखरू, तू काही राजा दिसत नाई." बापूजी म्हणजे आमच्या मंडळाचे मालक. नाटक तेच लिवतेत, तेच बसवतेत अन् नायकही तेच. पन्नाशीले आले तरी नायक तेच. माह्या माणसाले मंग उरलंसुरलं काम. शिपाई, वैद्य, भिकारी, पटवाऱ्याचा कारकून, खाष्ट सासू, एकदा तं नुस्तं मढं. मढ्याचं काम करून घरी आले तं मी म्हटलं, "यात काय शिकले?"

"श्वास पोटातून नाई, गळ्यातून घ्याचा. दिसत नाई," म्हणाले.

असा माणूस. याच्यापुढं डोकं फोडाले कपाळ कमी पडते.

कमळी वर्षाची होती तवा ते लढाईत गेले, मोटार चालवाच्या कामावर. आफ्रिकेच्या वाळवंटात जर्मनाईनं धरलं अन् आपल्या मुलखात नेऊन तारेच्या कुंपणात ठेवलं. तीन वर्षं. मी इकडं धान रोवून राह्यली होती अन् लोकं मले कुंकू पुसाले सांगून राह्यले होते. मी नाई पुसलं. परत आले तं अंगावर नुस्ती हाडं होती, अन् डोक्यात एक बुढा जर्मन.

आटो नाव त्याचं. कुंपणावर पहारा कराचा. पण लढाईच्या आधी तो गावोगाव फिरणाऱ्या नाटकवाल्याईत होता, अन् तोही ह्यायच्यासारखाच, जन्मभर हमाल, चपराशी, दारुड्या. राजा कधीच नाई. कैद्याईनं दिवाळीले एक खेळ केला, त्यात ह्याईनं दारुड्या केला, आपल्याकडे करतेत तसा, झोकांड्या खात, जीभ बाहेर काढून. सगळे पोट धरून हासले. तो बुढा नाई हासला. दुसऱ्या दिवशी त्यानं कोळशानं जमिनीवर एक रेघ ओढली. अर्ध्या खुणेनं अन् अर्ध्या मोडक्या इंग्रजीनं सांगितलं का पेलेला माणूस झोकांड्या खात नाई. तो लपवते. जीव तोडून सरळ चालाचा परयत्न करते, अन् तो परयत्न दिसते, म्हणून तो पेलेला आहे हे लोकायले समजते. आता चाल ह्या रेघेवरून. थंडीत, उपाशी पोटी, त्या बुढ्यानं ह्याईले महिनाभर रेघेवरून चालवलं.

घरी आल्यावर ह्याईनं आमच्या अंगणात तशीच रेघ ओढली. मी सकाळी सारवून पुसाची, ते संध्याकाळी पुन्हा ओढाचे. ते चालत अन् एवढीशी कमळी मागं मागं चाले. मी म्हणाची, "अहो, चांगलं काही शिकवा पोरीले." पण ऐकते कोण. नाटकाची वही हातात धरून कोणाचा शब्द चुकला का हळूच सांगाचं काम पोट्टी सात वर्षांची होती तवापासून करते.

त्रेपन्न साली मूलच्या पोस्टातून एक कार्ड आलं. वर फोटो, हमालाचा डरेस घातलेला, पांढरी दाढी लावलेला बुढा. आटोच. पोस्टमास्तरनं मजकूर वाचून सांगितला. लढाई संपल्यावर पुन्हा काम मिळालं, आता सिनेमातही मिळते, पण अजून छोटंच. खाली शेवटी एक ओळ होती, तू अजून रेघेवरून चालतोस का. ह्याईनं तो फोटो देवायच्या फोटोच्या बाजूले टांगला. सासूबाईनं दिवाळीत त्यालेही कुंकू लावलं, कोणी साधू समजून. मीही ते पुसलं नाई. आमच्या घरात त्याचा तेवढा हक्क होताच.

पण ह्या सरळ चालण्यापायी आमचं काय झालं ते ऐका. बाकीच्या मंडळातला दारुड्या धडपडते, लोकं हासतेत, अन् समजतेत का हा सोंग करून राह्यला. ह्याईले पाहून कोणी हासत नाई. ह्याईले पाहून लोकायले वाटते का हा खराच पेऊन आला. मूलच्या मोटारीतल्या कंडक्टरनं एकदा ह्याईले चढू देल्लं नाई, "मुखरूभाऊ, पेलेल्याले घेत नाई," म्हणाला, अन् हे बिचारे तापानं फणफणून राह्यले होते. लोकाईचं सोडा. पण कमळीच्या दोन सोयरिकी तुटल्या. दोन्ही वेळी एकच निरोप, पोरगी चांगली आहे, बाप पेते. मी नदीवर, बाजारात, चक्कीवर भांडून आली. भांडून काय होते. जितकं जास्त सांगावं का पेत नाई, तितकी लोकं जास्त मान हालवतेत.

मंग सत्तावन सालच्या पौषात माही वहिनी शकुबाई तिसरी सोयरीक घेऊन आली. वैनगंगेच्या पलीकडचे, चामोर्शीकडचे देवाजी. त्यायच्या पोराचं नाव वारलू. कमळी सतरा संपून अठरात होती, तिच्या बरोबरीच्या पोरीयच्या कडेवर लेकरं होती. अन् खरं सांगतो, मागच्या वर्षी वारलूनं आमच्या पटात जोडी पळवली होती. पोट्टीनं जोडी कमी पाह्यली अन् जोडीवाल्याले जास्त. नाव निघालं का हातातलं भांडं तिथीच राहे. मी माय आहे, मले दिसत नाई का.

शकुबाईनं मले बाजूले घेतलं. "रुखमे, देवाजीची एकच अट आहे. पेणाऱ्याच्या घरची पोरगी नोको. त्याचा बाप दारूनं मेला, त्यानं लहानपण सारं तेच पाह्यलं. पेलेला माणूस तो शंभर पावलांवरून ओळखते."

"मंग बरंच आहे," मी म्हटलं, "न पेलेलाही ओळखन."

पण बापूजीनं यंदा जे नाटक रचलं होतं त्यात दारुड्या बाप होता, अन् तो बाप कोण करणार हे सांगाले नोको.

पटाच्या दिवशी दुपारी मी त्याईले अंगणात गाठलं. मूलहून जलालुद्दीन भाऊ आले होते, ते शिंपी आहेत, मंडळाचे कपडे तेच शिवतेत अन् रंगही तेच लावतेत. ते ओट्यावर सुई-दोरा घेऊन बसले होते. बसले तं बसले, मले काही कोणाची चोरी नव्हती.

"आजच्या दिवस झोकांड्या खा," मी म्हटलं. "सगळे खातेत तशा. दोन-चारदा पडा. लोकाईले हासू द्या. देवाजी पाहतीन, सोंग आहे म्हणतीन, मोकळे."

ते चुलीतला कोळसा घेऊन रेघ ओढत होते.

"मी कोणाशी बोलून राह्यली?"

"जमत नाई आता," म्हणाले.

"जमत नाई का करत नाई?"

"दोन्ही." मंग उभे राह्यले. "रुखमा, बारा वर्षं मी खरं कराले शिकलो. आता खोटं कराले पाय उचलत नाई."

"पोरीपेक्षा मोठं झालं का हे?"

यावर त्यायचा चेहरा पडला. मले वाईट वाटलं, पण मी शब्द मागं घेतला नाई. जलालुद्दीन भाऊ सुईत दोरा ओवत म्हणाले, "भाभी, मी ह्याचा एक अंगरखा आठ बार उसवला, खांद्यातून माणूस थकलेला दिसत नाई म्हणून. हा ऐकणारा आदमी असता तं मले एवढी मेहनत पडली असती का?"

तेवढ्यात कमळी दारात आली. हातात सूप होतं, तांदूळ निवडून राह्यली होती. "माय, बाबाले काही म्हणू नोको. अन् बाबा, तुमी झोकांड्या खाल्ल्या तं मी भर नाटकातून उठून घरी येईन."

"अन् सोयरीक?" मी विचारलं.

"तुटली तं तुटली."

असं म्हणाली खरी, पण खडे सुपात ठेवून तांदूळच फेकून राह्यली होती. बाप अन् लेक एका मातीचे, मधात मी एकटी येडी. मी पदर खोचला अन् सैपाकाले लागली. पाहुणे तं जेवणार होतेच.

देवाजी दिवस मावळताना आले. उंच, वाळका माणूस, बोलणं कमी. भात, लाखोळीचं वरण, वांग्याची भाजी अन् तांदळाची खीर केली होती. कमळीनं वाढलं. त्याईनं तिच्याकडे एकदाच नीट पाह्यलं अन् मान हालवली, तवा माहा जीव अर्धा खाली बसला. मंग हात धुताना त्याईनं मले विचारलं, "ह्यायचं काम कोणतं आहे आज?"

"छोटंसं आहे," मी म्हटलं. खोटं तं नव्हतं.

आमच्याकडे नाटकासाठी जमीन खणतेत. खड्ड्यात लोकं बसतेत अन् निघालेल्या मातीचा मंच करतेत. मी बायकाईत बसली, देवाजी समोरच पुरुषायच्या पयल्या रांगेत, पाहुणे म्हणून मानाची जागा. नाटक सुरू झालं. गाणी झाली, बापूजी तीनदा रडले, दोनदा लढले. असं करता करता पूर्वेले उजेड फुटला. ग्यासबत्त्या फिक्या पडल्या, अर्धा गाव एकमेकायच्या अंगावर डुलक्या घेऊन राह्यला होता. तवा ह्यायचा परवेश आला.

ते आले अन् नाटकातल्या अंगणाच्या कडेले थांबले. धोतर झटकलं. टोपी नीट केली. मंग समोर पाहून चालाले लागले. एक पाय ठेवला, त्याच्यावर भरवसा बसेपर्यंत थांबले, मंग दुसरा ठेवला. मंचावर कोळशाची रेघ नव्हती, पण मले साफ दिसली. मागून कोणीतरी हासाले लागलं अन् मधातच गप झालं. झोपलेली माणसं उठून बसाले लागली.

बापूजी नाटकात त्यायचा पोरगा होते, ओट्यावर बसलेले. ते म्हणाले, "बाबा, आजही पेले?"

"नाई बेटा," हे म्हणाले. "पाह्य न. सरळच तं चालून राह्यलो."

देवाजी उठले.

मी डोळे मिटून घेतले. मनात म्हटलं, गेले. आता नदी ओलांडून जातीन अन् तिकडच्या सगळ्या गावाईत सांगतीन. पण बाजूच्या बाईनं मले चिमटा घेतला, म्हणून डोळे उघडले. देवाजी रस्त्याकडे नाई, मंचाकडे चालले होते. वर चढले. बापूजी हळूच "अहो पाहुणे, अहो," करून राह्यले, पण त्यायच्याकडे कोण पाहते. देवाजी माह्या नवऱ्यापुढं उभे राह्यले अन् म्हणाले, "तोंड उघड."

दुसरा कोणी असता तं म्हणाला असता, अहो भाऊ, हे नाटक आहे, मी पेत नाई. मले वाटलं आता तरी हे बोलतीन. एवढं एक वाक्य बोलाले काय जात होतं? पण ह्याईनं काय करावं, हात उचलून तोंडावर ठेवला, अन् मान दुसरीकडे फिरवली. पेलेला बाप करते तसंच. मी तोंडात पदर कोंबला. तवा मले त्यायचा असा राग आला का सांगता सोय नाई.

देवाजीनं त्यायचं मनगट धरलं. हात बाजूले केला. आपलं नाक त्यायच्या तोंडाजवळ नेलं अन् वास घेतला. मले ठाऊक होतं कायचा वास येणार. गुळाच्या चहाचा. अद्रक घालून मीच करून देल्ला होता, घसा बसू नये म्हणून. राग असला तरी चहा देल्ला होता मी.

देवाजीनं मनगट सोडलं. मंग म्हणाले, मोठ्यानं नाई, पण सगळ्याईले ऐकू आलं. "हा पेलेला नाई." पुढं म्हणाले, "माहा बाप असाच येत होता. असाच अंगण ओलांडत होता. अन् मी ओट्यावर बसून म्हणत होतो, हा मले उल्लू बनवून राह्यला."

अन् तो वाळका माणूस तिथीच मंचाच्या काठावर बसला अन् लेकरासारखा रडाले लागला.

माह्या नवऱ्यानं काय केलं ते सांगतो, अन् यावर कोणी इश्वास ठेवत नाई. ते चालाले लागले. उरलेली रेघ पुरी केली, देवाजीच्या बाजूनं, एक पाय, थांबून दुसरा पाय. ओट्यापाशी पोचले, बापूजीच्या पायाजवळ बसले अन् डोकं गुडघ्यात घातलं. बापूजीले पुढचे शब्द आठवले नाईत. तीस वर्षांत पयल्यांदा. कमळी बायकाईत वही धरून होती, पण तिनंही सांगितले नाईत. ती रडून राह्यली होती. पडदा तसाच पाडला.

घरी येताना मी त्यायच्यावर तुटून पडली. "पाहुणा रडून राह्यला अन् तुमी चालता? दगड आहे का तुमच्या छातीत?"

"मी थांबलो असतो," ते म्हणाले, "तं त्यायचा बाप अर्ध्या अंगणातच राह्यला असता."

मी घरी येऊन चूल पेटवली.

देवाजी मागून आले. आमच्या पाण्याच्या नांदीवर तोंड धुतलं, ओट्यावर बसले. मी चहा देल्ला, तोच, गुळाचा. अर्धा पेऊन झाल्यावर म्हणाले, "बाप कधी कधी अंगणात पडून जाय. मी पंधरा वर्षांचा होतो. उठून हात देता आला असता. देल्ला नाई." मंग कप खाली ठेवला. "पोरगी आमाले पसंत आहे. वैशाखात मांडव घालू."

आत काहीतरी पडलं. पितळी परात असन. मी मागं वळून पाह्यलं नाई, पोट्टीची लाज राखली.

लग्न वैशाखात झालं, आमच्याच अंगणात मांडव. जलालुद्दीन भाऊनं नवरीचं पोलकं शिवलं अन् ह्यायच्यासाठी नवा सदरा. बापूजीनं मंगलाष्टकं म्हटली, गरजेपेक्षा दोन जास्त. सगळं नीट पार पडलं. निघाची वेळ झाली, गाडीले बैल जुपले, वारलू पुढं बसला, कमळीले बायकाईनं चढवलं. मी रडून रडून मोकळी झाली होती. हे कुठीच दिसेनात. पाहतो तं मांडवाच्या मागच्या खांबाले टेकून उभे.

"मुखरूभाऊ, या," कोणी तरी हाक मारली. "पोरगी निघाली."

त्याईनं धोतर झटकलं. टोपी नीट केली. मंग समोर, कमळीकडे पाहून चालाले लागले. एक पाय ठेवला, थांबले, मंग दुसरा ठेवला. मांडवापासून गाडीपर्यंत वीस पावलं असतीन. पलीकडच्या गावच्या दोन बाया माह्या मागं होत्या. एक म्हणाली, "पोरीच्या लग्नातही पेला वाटते." दुसरा कोणता दिवस असता तं मी तिची झिंजी धरली असती. त्या दिवशी नाई. ती काही खोटं पाहत नव्हती. माणूस लपवून राह्यला होता, हे तिलेही दिसलं. काय लपवून राह्यला, ते फक्त तिले समजलं नाई.

कमळीनं गाडीतून पाह्यलं. तिले रेघ ठाऊक होती. तिनं दोन्ही हातानं तोंड झाकलं.

अर्ध्या अंगणात त्यायचा गुडघा गेला. मी उठेपर्यंत वऱ्हाडातून देवाजी उठले होते. भरभर आले अन् त्याईनं ह्यायच्या काखेत हात घातला.

"चाला भाऊ," म्हणाले. "मी आहे."

अन् दोघं मिळून गाडीपर्यंत गेले.